अपील गैरहजेरीत फेटाळलं गेलं, आता पुढे काय?

मंडळी, अपील दाखल केलं म्हणजे अर्धी लढाई झाली असं आपल्याला वाटतं. पण दाखल झालेलं अपीलसुद्धा हातातून निसटू शकतं. ते परत कसं मिळवायचं, हा आजचा विषय.

समजा, साताऱ्याच्या एक बाई वाटणीच्या दाव्यात हरल्या. त्यांनी जिल्हा न्यायालयात अपील केलं. त्या राहतात डोंबिवलीला. काही वर्षं नुसत्या तारखा पडल्या. मग १० जूनला पुकारा झाला, तेव्हा ना बाई हजर, ना वकील. अपील फेटाळलं गेलं. कोर्टाच्या बोलीत, 'डिफॉल्टमध्ये गेलं'.

आता बघा, इथे न्यायालयाने बाईंचं म्हणणं खोटं ठरवलेलं नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम १७ प्रमाणे अपील करणारा गैरहजर असेल तर अपील फेटाळता येतं. त्याच्या पाठीमागे गुणदोषांवर मात्र निकाल देता येत नाही. हे स्पष्टीकरण १९७६ च्या दुरुस्तीने आलं. शिवाय कलम २(२) नुसार असा हुकूम 'डिक्री' नसतो. म्हणून थेट उच्च न्यायालयात दुसरं अपील करायचं नाही. त्याच न्यायालयात नियम १९ खाली अर्ज करायचा: माझं अपील पुन्हा दाखल करून घ्या.

मुदत किती? फक्त ३० दिवस. मुदत कायदा, १९६३, अनुच्छेद १२२. आणि इथेच लोक फसतात. हे दिवस तुम्हाला कळलं त्या दिवसापासून नव्हे, अपील फेटाळल्या दिवसापासून मोजतात. हुकुमाचा दिवस सोडायचा, म्हणजे आपल्या उदाहरणात शेवटचा दिवस १० जुलै. उशीर झाला असेल तर कलम ५ खाली विलंब माफीचा वेगळा अर्ज सोबत जोडायचा. हुकूम उशिरा कळला, हे कारण तिथे मांडायचं.

दोन कारणं वेगळी आहेत, ती मिसळू नका. त्या दिवशी का आला नाहीत, हे एक. त्यानंतर अर्जाला उशीर का झाला, हे दुसरं. दोन्हींना पुरावा लागतो: दवाखान्याची कागदपत्रं, प्रवासाचं तिकीट, प्रतिज्ञापत्र. 'काही अपरिहार्य कारणामुळे' एवढं लिहून भागत नाही. पुरेसं कारण सिद्ध झालं तर मात्र अपील परत घ्यावंच लागतं. खर्चाची अट न्यायालय घालू शकतं.

वकीलच आले नाहीत तर? १९८१ च्या रफीक विरुद्ध मुन्शीलाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको. पण याचा अर्थ वर्षानुवर्षं चौकशीच करायची नाही, असा घेऊ नका. तुम्ही स्वतः जागे होतात का, हे न्यायालय बघतंच.

घाई कशासाठी? अपील गेलं की खालच्या कोर्टाची डिक्री उभी राहते, अपिलात मिळालेली स्थगितीही जाते. समोरचा दरखास्त लावून ताबा मागू शकतो. म्हणून अर्जासोबत स्थगितीही मागा.

अर्ज नामंजूर झाला, तरी आदेश ४३, नियम १(टी) खाली त्या हुकुमावर अपील करता येतं. आणि तुम्ही उत्तरवादी असाल, तुमच्या गैरहजेरीत अपिलाचा निकाल लागला असेल, तर तुमच्यासाठी नियम २१ आहे.

एक प्रश्न नेहमी येतो: वकील म्हणतात अर्ज केलाय, मग खात्री कशी करायची? अर्जाची प्रत आणि नंबर मागून घ्या. अपिलाचा सीएनआर क्रमांक ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर टाकला की पुढची तारीख घरबसल्या दिसते. महिन्यातून एकदा तरी बघत जा.