शादी अब्देल सलाम: पडद्यामागचा माणूस आणि त्याचा एकच मोठा सिनेमा

मी बॅकएंडवाला. तुम्ही ॲपमध्ये बटण दाबता, त्याच्या मागे जे काही चालतं ते लिहिणारा. मागच्या वर्षी आमचं आठ महिन्यांचं काम एका मेलमध्ये बंद झालं. कोड तसाच पडून आहे, कुणी उघडतही नाही. त्याच आठवड्यात रात्री एक इजिप्शियन सिनेमा लावला आणि मग त्याच्या दिग्दर्शकाबद्दल वाचतच सुटलो.

त्याचं नाव शादी अब्देल सलाम. हसू नका, अरबी नाव आहे, लग्नाशी संबंध नाही. जन्म १९३० चा, अलेक्झांड्रियाचा. शिकला आर्किटेक्चर, १९५५ साली कैरोतून. आणि शिरला सिनेमात, पण पडद्यामागे. सेट आणि कपडे.

आता हे काम म्हणजे नक्की काय? नुसती सजावट नाही बरं का. युसुफ शाहीनचा १९६३ चा सलादिनवरचा सिनेमा घ्या. गोष्ट बाराव्या शतकातली, क्रुसेडची. रणांगणावर एवढी माणसं धावतायत, त्यात कोण कुठल्या बाजूचा हे प्रेक्षकाला कपड्यावरून एका नजरेत कळायला हवं. कापड शिंप्याकडून कोरं करकरीत येतं, ते धुऊन, घासून, मळवून जुनं करावं लागतं. खांब कुठे उभा करायचा हे कॅमेरा कुठे आहे त्यावर ठरतं. आणि हे सगळं नीट जमलं तर कुणाच्याच लक्षात येत नाही! सर्व्हर चालू असताना आम्हाला कोण फोन करतं?

शादीने हे काम वर्षानुवर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांसाठी केलं. पोलंडच्या काव्हालेरोविचने १९६६ मध्ये ‘फॅरो’ काढला, तेव्हा प्राचीन इजिप्त खरं दिसावं म्हणून सल्ल्याला हाच होता. मग इटलीच्या रोसेलिनीबरोबर काम करताना त्याने स्वतःची पटकथा दाखवली. रोसेलिनीला ती इतकी आवडली की त्याने ती थेट इजिप्तच्या संस्कृतिमंत्र्यांपर्यंत पोचवली.

त्यातून १९६९ मध्ये झाला ‘अल-मुमिया’. मूळ घटना खरी आहे. १८८१ साली लक्सरजवळ डोंगरात लपवलेल्या राजांच्या ममी सापडल्या, आणि तिथलं एक कुटुंब त्यातल्या वस्तू गुपचूप विकत होतं हे बाहेर आलं. सिनेमातला वानिस त्याच टोळीतला पोरगा. बाप गेल्यावर त्याला कळतं की आपल्या घरातली भाकरी कुठून येते. सांगायचं की गप्प बसायचं, एवढीच गोष्ट. पात्रं रोजच्या कैरोच्या बोलीत बोलत नाहीत, ग्रांथिक अरबीत बोलतात.

मला पकडलं ते सुरुवातीनेच. पुराणवस्तूवाले अधिकारी बसलेत आणि मृतांसाठीचा एक जुना मंत्र वाचला जातोय, मेलेल्याला स्वतःचं नाव आठवावं म्हणून. नाव हरवलं तर आत्मा भटकत राहतो. इतकी वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांत राबलेल्या माणसाने स्वतःची पहिली फिल्म नावावरून सुरू केली. त्याने ते मुद्दाम केलं का, हा आपला माझा तर्क.

त्यानंतर त्याने लघुपट केले, पण दुसरा मोठा सिनेमा झालाच नाही. आखेनातेन या फॅरोवरच्या सिनेमासाठी तो दहाहून जास्त वर्षं चित्रं काढत बसला. कपडे, दागिने, खुर्च्या, एकेक दृश्य. पैसे जमले नाहीत. १९८६ मध्ये तो गेला. त्याची चित्रं आज अलेक्झांड्रियाच्या ग्रंथालयात कायमच्या प्रदर्शनात आहेत, म्हणजे न झालेल्या सिनेमाचे सेट तुम्ही जाऊन बघू शकता. हे वाचून मी आमचं जुनं रेपो उघडलं. डॉक्युमेंटेशन अर्धवट होतं, ते दोन रात्री बसून पूर्ण केलं.

‘अल-मुमिया’ची दुरुस्त केलेली प्रिंट २००९ मध्ये स्कॉर्सेसीच्या संस्थेच्या पुढाकाराने आली, तीच शोधा. मोबाइलवर बघणार असाल तर खोलीतला दिवा बंद करा आणि ब्राइटनेस वाढवा. बरीच दृश्यं अंधुक उजेडातली आहेत, नाहीतर काळ्या कपड्यांतली माणसं दिसणारच नाहीत.