उन्हाळा आणि कुत्र्यांचे त्वचारोग

गोदाकांठच्या सायखेड्यास चैत्र लागला, म्हणजे कांद्याची काढणी, द्राक्षवेलींची छाटणी आणि कुत्र्यांचें खाजविणें हीं तिन्ही एकदमच सुरू होतात. ओट्यावरचें कुत्रें मागच्या पायानें दिवसभर कान खाजवीत बसतें, पाठीचे केस झडतात आणि धनी म्हणतो, "उष्णता झाली." हें निदान अर्धेंच खरें आहे.

मनुष्यास सर्वांगास घाम येतो. कुत्र्यास तो मुख्यत्वें पंजांच्या गाद्यांसच येतो. अंगांतील उष्णता तें धापा टाकून घालवितें, आणि तेवढ्यानें भागेना म्हणजे पाटाच्या चिखलांत जाऊन बसतें. दाट केसांखालीं ती ओल राहिली, कीं तेथें जंतु वाढून ओलसर, दुखरा चट्टा पडतो व तो एका दिवसांतही पसरतो. भिजलेलें अंग पुसून कोरडें करणें हाच पहिला उपाय. केस मात्र मुळापासून भादरूं नयेत. उन्हापासून त्वचेचें रक्षण तेच करतात.

उरलेलें अर्धें कारण कुत्र्याच्या अंगावर कमी आणि घरांतच अधिक असतें. गोचिडीची मादी रक्त पिऊन फुगली, कीं गळून पडते, भिंतीच्या भेगेंत शिरते आणि तेथें हजारों अंडीं घालून मरते. पिसवांचीं अंडींही अंथरुणांत व जमिनीच्या फटींत सांचतात. उबेंत हें चक्र झपाट्यानें फिरतें. म्हणून नुसत्या कुत्र्यास न्हाऊं घालून भागत नाहीं. भेगा बुजवाव्या, बसण्याचें गोणपाट उकळत्या पाण्यांत धुऊन उन्हांत वाळवावें. अंगावरची गोचीड चिमट्यानें कातडीलगत धरून सरळ ओढावी, बोटांनीं चिरडूं नये. गोचिडीपासून होणाऱ्या तापांत कुत्रें अन्न सोडतें, हिरड्या फिकट पडतात, क्वचित् नाकांतून रक्त येतें. अशा वेळीं एक दिवसाचा विलंबही करूं नये.

परंतु खरा घात होतो तो उपचारांत. द्राक्षबागांच्या मुलखांत फवारणीचें औषध घरींच असतें, आणि त्याचे चार थेंब पाण्यांत घालून कुत्र्यास चोळण्याचा मोह होतो. कोणी रॉकेल लावतो, कोणी यंत्राचें जळकें तेल, तर स्वच्छतेची आवड असलेला कोणी फिनेल! कुत्रें अंग चाटतें. जें कातडीस लावावें तें पोटांत जातें. कीटकनाशक तर कातडींतूनही शोषलें जातें, आणि लाळ, कंप व झटके येऊन जनावर दगावतें. शहरांतील घरांतही हा धोका आहेच. कुत्र्यासाठीं आणलेलें परमेथ्रिनयुक्त औषध मांजरास लागल्यास तें त्याच्या जिवावर बेततें.

लुतीचे मुख्य प्रकार दोन. पहिल्यांत कानांच्या कडा व कोपरें सोलवटतात आणि कुत्र्यास कुरवाळणाऱ्या मुलांच्या हातांसही खाज सुटते; दुसऱ्यांत बहुधा तोंडाभोवतींचे केस जातात, पण तो माणसास लागत नाहीं. कातडीची खरवड सूक्ष्मदर्शकाखालीं पाहिल्यावांचून भेद ठरत नाहीं, आणि खाज थांबविणारें स्टेरॉइड दुसऱ्या प्रकारांत रोग उलट वाढवितें. आतां महिनाभर किंवा त्याहून अधिक काळ पुरणाऱ्या गोळ्या मिळतात. त्यांची मात्रा कुत्र्याच्या वजनावर ठरते, म्हणून ती पशुवैद्यानेंच ठरवावी. खाज थांबली म्हणून औषध सोडूं नये. खरवड पुन्हां तपासून किडे नाहींत असें दिसेपर्यंत तें चालूं ठेवावें लागतें.