कर्करोग-संशोधनावरचा पहारा

कर्करोगावरचे नवे औषध, लस किंवा तपासणीची पद्धत माणसांवर आजमावली जाते, तेव्हा तीन गोष्टींवर डोळा ठेवावा लागतो. भाग घेणाऱ्याला टाळता येण्याजोगा धोका पोचू नये, त्याची संमती खरी असावी आणि कागदावरचा आकडा रुग्णाच्या मूळ नोंदीशी जुळावा. ही देखरेख एकट्या डॉक्टरांवर सोपवलेली नाही. तिच्यात कायदेतज्ज्ञ असतात, समाजशास्त्रज्ञ असतात आणि वैद्यकाशी संबंध नसलेला सामान्य नागरिकही असतो. निवृत्त सैनिक या क्षेत्रात दोन वाटांनी येतो: सैन्याच्या वैद्यकीय सेवेतील अनुभवाच्या बळावर, किंवा या सामान्य नागरिकाच्या जागेवर.

लष्कराचा या विषयाशी संबंध जुना आहे. डिसेंबर 1943 मध्ये इटलीतील बारी बंदरावर जर्मन बॉम्बहल्ला झाला आणि एका जहाजातला मस्टर्ड वायूचा साठा फुटला. अमेरिकी सैन्यातील डॉक्टर स्टुअर्ट अलेक्झांडर यांनी जखमींची तपासणी केली. त्यांच्या रक्तातील पांढऱ्या पेशी झपाट्याने घटल्याचे त्यांनी नोंदवले. मस्टर्ड वायूच्याच कुळातील रसायनांवर येल विद्यापीठात 1942 पासून प्रयोग चालू होते आणि त्यांतूनच पहिली केमोथेरपी उभी राहिली. पुढे न्यूरेंबर्ग येथे अमेरिकी लष्करी न्यायाधिकरणाने नाझी डॉक्टरांवर खटला चालवला. ऑगस्ट 1947 च्या निकालात मानवी प्रयोगांसाठी दहा तत्त्वे घालून दिली गेली. त्यांतले पहिले तत्त्व ऐच्छिक संमतीचे आहे.

बिदर आणि कलबुर्गीच्या सीमेलगत देखरेखीच्या या प्रश्नाचे एक मोठे उदाहरण घडले. हे दोन्ही जिल्हे आणि शेजारचा उस्मानाबाद, म्हणजे आजचा धाराशिव, 1956 पर्यंत एकाच हैदराबाद राज्यात होते. बार्शीच्या नर्गिस दत्त स्मृती कर्करोग रुग्णालयाने मुंबईचे टाटा स्मारक केंद्र आणि जागतिक आरोग्य संघटनेची कर्करोग-संशोधन संस्था यांच्यासह 1999 मध्ये उस्मानाबाद जिल्ह्यात गर्भाशयमुखाच्या कर्करोगाची चाचणी सुरू केली. गावांचे 52 गट पाडले गेले आणि 30 ते 59 वयाच्या 1,31,746 निरोगी स्त्रियांची नोंद झाली. तीन गटांत एकेका पद्धतीने तपासणी झाली: एचपीव्ही (हा कर्करोग घडवणारा विषाणू) चाचणी, पॅप स्मिअर आणि अ‍ॅसिटिक आम्ल लावून डोळ्यांनी केलेली पाहणी. चौथ्या गटात तपासणी केली नाही.

निष्कर्ष एप्रिल 2009 मध्ये प्रसिद्ध झाले. एचपीव्ही गटात या कर्करोगाने 34 मृत्यू झाले, तर तपासणी न झालेल्या गटात 64. एकाच वेळच्या एचपीव्ही चाचणीने मृत्यू जवळजवळ निम्म्यावर येतात, हे मराठवाड्यातल्या गावांनी जगाला दाखवले. पण चौथ्या गटावरून वादही उठला. तपासणीचा उपयोग ठाऊक असताना तीस हजारांवर स्त्रियांना तिच्याविना ठेवणे योग्य होते का, असे टीकाकारांनी विचारले. संशोधकांचे म्हणणे असे की, त्या वेळी भारतातल्या खेड्यांत अशी तपासणी होतच नव्हती, म्हणून तिथला प्रचलित उपचार म्हणजे तपासणीचा अभावच होता. देखरेख करणाऱ्या समितीला असा प्रश्न चाचणी सुरू होण्याआधी सोडवावा लागतो. निकाल हाती आल्यावर केलेली चर्चा त्या स्त्रियांच्या उपयोगी पडत नाही.

दुसरा धडा तेलंगणातील खम्मम जिल्ह्याचा. तिथे आणि गुजरातेत 2009 मध्ये मुलींना एचपीव्ही लस देण्याचा प्रकल्प झाला आणि एप्रिल 2010 मध्ये सरकारने तो थांबवला. अनेक संमतीपत्रांवर पालकांऐवजी वसतिगृहाच्या अधीक्षकांच्या सह्या होत्या. ऑगस्ट 2013 मध्ये संसदीय समितीने या कारभारावर कडक ताशेरे ओढले.

मार्च 2019 मध्ये नवी औषधे व क्लिनिकल चाचण्यांचे नियम लागू झाले. त्यांनुसार देखरेख करणाऱ्या नीतिसमितीत किमान सात सदस्य लागतात. निम्मे तरी संस्थेबाहेरचे हवेत आणि अध्यक्षही बाहेरचाच. सामान्य नागरिक, स्त्री सदस्य आणि कायदेतज्ज्ञ यांना त्यात जागा राखलेली आहे. गंभीर दुष्परिणाम झाला, तर संशोधकाने 24 तासांत कळवावे लागते. भाग घेणारा निरक्षर असेल, तर निःपक्षपाती साक्षीदारासमोर त्याला माहिती वाचून दाखवावी लागते. चाचणीची नोंद 2007 मध्ये सुरू झालेल्या भारतीय क्लिनिकल चाचणी नोंदवहीत होते आणि ती कोणालाही पाहता येते.

सैन्यातला डॉक्टर किंवा परिचारिका निवृत्तीनंतर समितीचा सदस्य, चाचणी समन्वयक किंवा तपासनीस होऊ शकते. तपासनीसाला केंद्रावर जाऊन मूळ नोंदी, औषधाचा साठा, शीतपेटीचे तापमान आणि संमतीपत्रावरची तारीख पडताळावी लागते. लेखी आदेशाची सवय, वेळेवर अहवाल आणि वरिष्ठांना नको असलेली बातमी सांगण्याची तयारी, या गुणांचा इथे थेट उपयोग होतो. मात्र आज्ञापालनाची सवय इथे आवरती घ्यावी लागते, कारण प्रमुख संशोधकाला अडवून प्रश्न विचारणे हेच सदस्याचे कर्तव्य आहे. चाचण्यांच्या सर्वमान्य कार्यपद्धतीचे प्रशिक्षण तर सर्वांनाच घ्यावे लागते.

बिदरला हवाई दलाचा प्रशिक्षण तळ आहे आणि कलबुर्गीत किडवाई संस्थेचे कर्करोग केंद्र. भालकी, औराद, बसवकल्याण, आळंद या तालुक्यांत एकाच प्रतीक्षागृहात कन्नड, मराठी, उर्दू आणि तेलुगू बोलणारे रुग्ण बसतात. यांतल्या प्रत्येकाला समजेल असे माहितीपत्र हवे, हा आग्रह धरणारा स्थानिक माणूस समितीवर असलाच पाहिजे. सीमाभागातील निवृत्त सैनिकांनी जवळच्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या नीतिसमितीकडे या जागेविषयी चौकशी करावी. रुग्णांनीही सही करण्यापूर्वी तीन गोष्टी विचाराव्यात: चाचणीचा नोंदणी क्रमांक कोणता, इजा झाल्यास भरपाई कोण देणार आणि मधेच बाहेर पडलो तर उपचार चालू राहतील का. यांची उत्तरे मिळणे हा रुग्णाचा हक्क आहे.