तुमचा काय संबंध?

‘ज्याचे जळते त्याला कळते’ असे आपण म्हणतो. कायद्याचीही वर्षानुवर्षे हीच समजूत होती. ज्याचा हक्क डावलला गेला त्यानेच न्यायालयाची पायरी चढावी. दुसऱ्यासाठी कोणी दाद मागितली की पहिला प्रश्न ठरलेला, तुमचा काय संबंध?

प्रश्न अगदीच गैर नाही. कोणीही उठून कोणावरही खटला भरू लागला तर न्यायालये चालायची कशी? पण ज्याचे जळते आहे त्याला ओरडताच येत नसेल तर?

मुंबईच्या नागदेवी भागातील दुकानांत राबणाऱ्या कामगारांच्या बोनसचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला, तेव्हा कामगार संघटनेला दाद मागण्याचा अधिकारच काय, असा आक्षेप निघाला. १९७६ मध्ये न्या. कृष्ण अय्यर यांनी तो मानला नाही. पुढे डिसेंबर १९८१ मध्ये एस. पी. गुप्ता खटल्यात न्या. भगवती यांनी दार सताड उघडले. गरिबीमुळे किंवा असहायतेमुळे ज्याला न्यायालय गाठता येत नाही, त्याच्यासाठी कोणीही नागरिक सद्हेतूने उभा राहू शकतो. साधे पत्रही चालेल.

याची प्रचिती लवकरच आली. पत्रकार शीला बारसे यांनी मुंबईच्या कारागृहात १५ महिला कैद्यांना बोलते केले. पाच जणींनी पोलीस कोठडीतील मारहाण सांगितली. बारसेंनी सर्वोच्च न्यायालयाला पत्र धाडले आणि १९८३ मध्ये महिलांसाठी वेगळ्या कोठड्या व महिला पोलिसांचा पहारा ठेवण्याचे आदेश निघाले. बारसे स्वतः कैदी नव्हत्या, की कैद्यांच्या नातेवाईकही नव्हत्या.

आता आपल्या नागपूरचेच पाहा. भोसल्यांच्या काळातील फुटाळा तलावात कारंजे व इतर बांधकाम झाले, तेव्हा ‘स्वच्छ असोसिएशन’ या संस्थेने उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे धाव घेतली. तलावातील इंचभर जागाही संस्थेच्या मालकीची नव्हती. तरी तिचे म्हणणे सर्वोच्च न्यायालयापर्यंत ऐकले गेले. निकाल मात्र विरुद्ध गेला. हा तलाव मानवनिर्मित असल्याने पाणथळ जागांच्या नियमांत बसत नाही, असे ऑक्टोबर २०२५ मध्ये ठरले.

“मग एवढा खटाटोप करून मिळवले काय?” असे एका स्नेह्यांनी मला विचारले. मी म्हटले, दार उघडणे वेगळे आणि बाजू पटणे वेगळे. तलाव सर्वांचा असतो, म्हणूनच त्याच्या वतीने बोलायला हक्काचे कोणी नसते. हरायचे असले, तरी ते युक्तिवाद ऐकून घेतल्यावर, उंबरठ्यावर नव्हे.

उघड्या दारातून नको ते पाहुणेही शिरतात, हेही खरे. धंद्यातली स्पर्धा, राजकारणातले हिशेब, प्रसिद्धीची हौस, सारे जनहिताचे सोवळे नेसून येते. म्हणून २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना यासाठी नियम करायला सांगितले आणि मुंबई उच्च न्यायालयाने ते त्याच वर्षी केले.

मला वाटते, ‘तुमचा काय संबंध?’ हा प्रश्न मोडीत काढू नये. फक्त तो आधी आपणच आपल्याला विचारावा. यात माझा काही लाभ दडला आहे का? ‘नाही’ असे प्रामाणिक उत्तर आले, तर पुढे व्हावे. आग दुसऱ्याच्या घरची असली तरी धूर शेजाऱ्यालाही दिसतोच.