केरेन्झा : हरवलेल्या भाषेतून परत आलेले नाव

माझ्या मावसबहिणीची मुलगी इंग्लंडमध्ये परिचारिका आहे. इंग्लंडच्या नैऋत्य टोकाला समुद्रात घुसलेला कॉर्नवॉल नावाचा चिंचोळा प्रदेश आहे. तिथल्या एका इस्पितळाच्या बाळंतपण विभागात ती काम करते. रविवारी संध्याकाळी तिचा फोन येतो. त्या रविवारी "मामा, जयभीम" म्हणाली आणि लगेच रडवेली झाली. मी घाबरलो. पण कारण वेगळेच होते.

तिच्या विभागात एक मुलगी जन्मली. पाळण्याला लावलेल्या चिठ्ठीवर नाव होते 'केरेन्झा'. इंग्रजीत ते एस घालूनही लिहितात आणि झेड घालूनही. उच्चार मात्र के-रेन्-झा, मधल्या अक्षरावर जोर देऊन. असे नाव भाचीने कधी ऐकले नव्हते. तिने सहज अर्थ विचारला. बाळाची आजी जवळच बसलेली होती. आजीने तो अर्थ एका शब्दात सांगून सोडला नाही, चांगली अर्धा तास सांगत बसली. शेवटी तिने प्रेमाने विचारले, "आणि बाळ, तुझ्या नावाचा अर्थ काय?" आमच्या भाचीला उत्तर देता आले नाही. "एका नदीचे नाव आहे" एवढेच ती बोलली आणि औषधांची गाडी ढकलत पुढे गेली.

भाचीचे नाव तिच्या परवानगीशिवाय छापणे बरे नाही. पण वऱ्हाडात त्या नावाची नदी आहे, चाणाक्ष वाचक ओळखतील. तिच्याकडे मी नंतर येतो. आधी त्या आजीने सांगितलेली आणि मग मी ग्रंथालयात बसून ताडून पाहिलेली हकिकत सांगतो, कारण ती आपण बौद्धांनी जाणून घेण्यासारखी आहे.

केरेन्झा म्हणजे प्रेम. हा शब्द इंग्रजी नाही, तो कॉर्निश भाषेतला आहे. कॉर्निश लोक आपल्या भाषेला 'कर्नूएक' म्हणतात. वेल्समधली वेल्श आणि समुद्रापलीकडे फ्रान्समधली ब्रेटन या तिच्या सख्ख्या बहिणी. इंग्रजी त्या बेटावर येण्याआधीपासून ज्या केल्टिक बोली तिथे नांदत होत्या, त्यांच्याच वंशातल्या या तिघी.

आता शब्दाचे मूळ पाहा. कॉर्निशमध्ये 'कार' म्हणजे नातलग, आपला माणूस. त्याचे अनेकवचन 'केरेन्स'. आज हा शब्द आई-वडिलांसाठी वापरतात. आयर्लंडच्या भाषेत 'कारा' म्हणजे मित्र. ब्रेटनमध्ये प्रेमाला 'करांतेझ' म्हणतात, तो केरेन्झाचाच जुळा शब्द. म्हणजे या लोकांनी प्रेम हा शब्द बनविला तो मित्र आणि सोयरा या शब्दावरून. हे वाचले आणि मी पुस्तक मिटून क्षणभर तसाच बसलो. आपल्या पालीत 'मेत्ता' कशावरून आला? 'मित्त' म्हणजे मित्र, त्यावरून! विहारात आपण करणीयमेत्त सुत्त म्हणतो, त्यातली हीच मेत्ता. बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात करुणा आणि मैत्री यांत फरक केला आहे. करुणा म्हणजे माणसांवरचे प्रेम, आणि मैत्री त्याच्याही पुढे जाऊन सर्व जीवमात्रांना कवेत घेणारी. केरेन्झा आणि मेत्ता या शब्दांचे धातू वेगळे, मधे हजारो मैलांचे अंतर. पण दोन्हीकडच्या माणसांनी प्रेमाची कल्पना केली ती मित्राला समोर ठेवूनच.

शब्द जुना असला तरी मुलीचे नाव म्हणून तो जुना नाही. पूर्वी कॉर्नवॉलमध्ये मुलींना संत स्त्रियांची नावे ठेवीत, मॉरवेना, सेनारा अशी. 'लव्हडे' असेही एक नाव होते. त्याची गंमत सांगण्यासारखी आहे. मध्ययुगात भांडणतंटे सामोपचाराने मिटविण्यासाठी एक दिवस नेमीत, त्याला म्हणत लव्हडे. त्या दिवशी जन्मलेल्या मुलीला तेच नाव मिळे. बाकीच्या इंग्लंडमधून हे नाव जवळजवळ गेले, कॉर्नवॉलमध्ये टिकले. तंटा मिटल्याच्या दिवसाचे नाव लेकीला देणारी माणसे मला तरी आवडली. आणि 'जेनिफर' हे नाव तर आपल्याकडे सिनेमामुळे घरोघरी पोचले आहे. तेही मूळचे कॉर्निशच, आर्थर राजाच्या राणीच्या नावाचे तिकडचे रूप.

परंतु केरेन्झा, लोवेना म्हणजे आनंदी, तेगेन म्हणजे सुबक दागिना, एलोवेन म्हणजे एल्म वृक्ष, ही नावे पुढे आली ती विसाव्या शतकात. तोपर्यंत ही भाषा घरात बोलणारे कोणी उरले नव्हते. भाषा गेल्यावर तिच्यातली नावे आली. असे उलटे कसे घडले, ते समजण्यासाठी थोडा इतिहास पाहावा लागेल.

१२६५ साली पेन्रिन गावी ग्लासनी नावाचे धर्मविद्यालय स्थापन झाले. कॉर्निश साहित्याचे ते मोठे केंद्र. धार्मिक नाटके कॉर्निश भाषेत लिहिली जात, गोल मातीच्या रिंगणात उघड्यावर होत आणि गावेच्या गावे पाहायला लोटत. १५४८ मध्ये राजसत्तेने ग्लासनी बंद केले. पुढच्याच वर्षी, १५४९ साली, कायदा झाला की सर्व चर्चमध्ये प्रार्थना इंग्रजी पुस्तकातूनच व्हावी. कॉर्नवॉलच्या लोकांनी बंड केले. आमच्यापैकी कित्येकांना इंग्रजी समजतच नाही, ही त्यांची तक्रार त्यांच्या मागणीपत्रात नोंदलेली आहे. शेजारच्या डेव्हनमधले लोकही त्यांना मिळाले. त्यांनी एक्झेटर शहराला वेढा दिला. ऑगस्टपर्यंत सैन्याने बंड चिरडले, हजारो माणसे मारली गेली. येथे एक खरे सांगितले पाहिजे. या बंडखोरांना कॉर्निश प्रार्थना हवी होती असे नव्हे. त्यांना जुनी लॅटिन पूजाच परत पाहिजे होती. आपल्या दृष्टीने हा काही पुरोगामी लढा नव्हता. पण लोकांना न समजणाऱ्या भाषेत धर्म लादला गेला, हे काही त्याने खोटे ठरत नाही.

शेजारच्या वेल्समध्ये काय झाले? १५८८ साली संपूर्ण बायबल वेल्श भाषेत छापले गेले. दर रविवारी गरिबातला गरीब शेतकरी आपल्या भाषेत ते ऐकू लागला. वेल्श भाषा आजही लाखो लोकांच्या तोंडी आहे, त्यामागचे हे एक मोठे कारण. कॉर्निशला ना बायबल मिळाले ना प्रार्थनापुस्तक. जी भाषा प्रार्थनेत नाही आणि कचेरीत नाही, ती मग फक्त चुलीपाशी आणि मासळीबाजारात उरते. तथागतांच्या काळी दोन ब्राह्मणकुलीन भिक्खूंनी बुद्धवचन छंदोबद्ध वैदिक भाषेत घालण्याची परवानगी मागितली. तथागतांनी ती नाकारली आणि बुद्धवचन ज्याने त्याने आपापल्या भाषेत शिकावे असे सांगितले. विनयपिटकात हा प्रसंग आहे. त्या एका नकारात केवढे शहाणपण होते, ते कॉर्नवॉलचे उदाहरण पाहिल्यावर अधिक कळते.

मासळीबाजार म्हटला तो उगाच नाही. मौझल नावाच्या कोळ्यांच्या गावी डॉली पेन्ट्रीथ नावाची म्हातारी मासे विकत असे. कॉर्निश बोलणारी शेवटची व्यक्ती म्हणून तिचे नाव झाले. १७६८ मध्ये एक विद्वान तिला शोधत आला, १७७७ साली ती वारली. पुढे १८६० मध्ये नेपोलियनच्या पुतण्याने, भाषांचा अभ्यासक असलेल्या लुई ल्युसियन बोनापार्टने, तिथल्या धर्मगुरूंसोबत तिच्यासाठी स्मारकशिळा उभी केली. तिच्यानंतरही थोडीफार भाषा जाणणारी माणसे होती असे अभ्यासक म्हणतात. पण जगाच्या लक्षात राहिली ती ही मासेवाली.

भाषा गेली तरी एक गोष्ट मात्र कोणाला पुसता आली नाही. ती म्हणजे आडनावे. 'त्रे' म्हणजे वाडी, 'पोल' म्हणजे डोह, 'पेन' म्हणजे टोक. या तीन अक्षरांनी सुरू होणारे आडनाव ऐकले की माणूस कॉर्निश, हे तिकडे म्हणीसारखे सांगतात. पेन्ट्रीथ हेही त्यातलेच. आपल्याकडे गावाच्या नावाला 'कर' लागतो तसेच हे. आंबडवे गावावरून आंबडवेकर हे आपणांस कोणी सांगावयास नको. शिवेबाहेर ठेवलेल्या माणसानेही गावाचे नाव आपल्या आडनावात जपले, याचा विचार मी नेहमी करतो. असो.

१९०४ साली हेन्री जेन्नर यांनी कॉर्निश शिकण्यासाठी एक हस्तपुस्तक लिहिले. या भाषेतून पैसा मिळणार नाही हे त्यांना माहीत होते. आपण कॉर्निश आहोत, एवढे कारण त्यांना पुरेसे वाटले. जुनी नाटके, धर्मोपदेश, गावांची नावे यांतून वेचून भाषा पुन्हा उभी करण्याचे काम रॉबर्ट मॉर्टन नान्स यांनी पुढे नेले. १९२८ मध्ये बोस्कावेन-ऊन येथील प्राचीन शिळावर्तुळात कॉर्निश कवी-विद्वानांची सभा भरली. माणसे रात्रवर्गांत ही भाषा शिकू लागली. आणि शिकलेल्या शब्दांतला जो आवडे, तो लेकीच्या पाळण्यावर चढू लागला. २००२ साली ब्रिटिश सरकारने अल्पसंख्य भाषांच्या युरोपीय सनदेखाली कॉर्निशला मान्यता दिली. २००९ मध्ये युनेस्कोने ही भाषा नामशेष म्हणून नोंदविली तेव्हा बोलणाऱ्यांनी हरकत घेतली, आणि नोंद बदलून 'अत्यंत संकटग्रस्त' अशी करावी लागली. २०१४ साली कॉर्निश लोकांना राष्ट्रीय अल्पसंख्याक म्हणून मान्यता मिळाली. २०११ च्या जनगणनेत मात्र आपली मुख्य भाषा कॉर्निश असे सांगणारे होते अवघे ५५७. म्हणून केरेन्झा हे नाव दुर्मीळ आहे. ज्या घरात ते ठेवतात तिथे बहुधा संभाषण इंग्रजीतच चालते. कॉर्निशचा तेवढा एकच शब्द उंबरठ्याच्या आत असतो.

या लोकांबद्दल माझ्या मनात नुसतीच सहानुभूती आहे असे समजू नये. एकोणिसाव्या शतकात कॉर्नवॉलच्या तांब्या-कथलाच्या खाणी बुडाल्या आणि तिथले खाणकामगार जगभर पांगले. लंडनच्या जॉन टेलर अँड सन्स कंपनीच्या हाताखाली ते कर्नाटकातल्या कोलारच्या सोन्याच्या खाणीतही आले. तिथे ते साहेब होते. खाली खोल अंधारात उतरणारे मजूर बहुतांशी तमिळ, आणि त्यांत मोठा भरणा अस्पृश्यांचा. आपल्या देशात पिचलेला माणूस दुसऱ्याच्या देशात वरच्या पायरीवर उभा राहिला की खालच्याची भाषा त्याला ऐकू येत नाही. त्याच कोलारात, मारिकुप्पम येथे, पंडित अयोथीदास यांच्या शाक्य बौद्ध संघाची शाखा होती, नागपूरच्या दीक्षेच्या जवळजवळ पन्नास वर्षे आधी! अयोथीदासांचे जन्मनाव काथवरायन. आपल्या गुरूंचे नाव त्यांनी स्वतः धारण केले.

आपले नाव आपण ठेवणे ही आपल्यासाठी साधी गोष्ट नव्हती. शूद्राचे नाव निंदाव्यंजक असावे असा दंडक मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात आहे. कचरू, धोंडी, दगडू या आपल्या आजोबा-पणजोबांच्या नावांवर तीच सावली होती. १४ ऑक्टोबर १९५६ नंतर आपल्या घरांत राहुल, सुजाता, विशाखा, महामाया आले. पण विहारात नामविधी झाला, पेढे वाटले, आणि त्या नावामागची गोष्ट किती घरांत सांगितली गेली? माझ्या बहिणीच्या घरात सांगितली गेली नाही, त्यात मीही दोषी आहे. नाव मीच सुचविले होते. पूजेच्या वेळी मोठ्या तोरात सुचविले आणि नंतर वीस-पंचवीस वर्षांत एकदाही बसून सांगितले नाही. मुलीने भूगोलात नदी वाचली, तिला तीच खरी वाटली.

त्या रविवारी मी तिला सांगितले. तुझे नाव नदीचे नाही. पालीत ते पुण्णा. अनाथपिंडिकाच्या घरची ही दासीची लेक, तीही दासीच. मालकिणींच्या माराच्या धाकाने कडाक्याच्या थंडीत नदीत उतरून पाणी भरणारी. एके दिवशी तिला एक ब्राह्मण त्याच थंडीत कुडकुडत स्नान करताना दिसला. पाप धुऊन जाते म्हणून स्नान करतो, असे तो म्हणाला. तिने त्याला विचारले, मग बेडूक, कासवे, सुसरी सगळे स्वर्गात जाणार काय? आणि पाण्याने पाप वाहून जात असेल तर पुण्यही वाहून जाईल, नाही का? ब्राह्मण निरुत्तर झाला आणि बुद्धाला शरण गेला. पुण्णेला दास्यातून मुक्त करण्यात आले. ती भिक्खुणी झाली. थेरीगाथेत तिच्या गाथा आहेत. आणि नावाचा अर्थ म्हणशील तर भरलेली, परिपूर्ण. दासीच्या पोटी जन्मलेल्या मुलीचे हे नाव.

फोनवर बराच वेळ काही ऐकू आले नाही. मग भाची म्हणाली, "मामा, हे इंग्रजीत कसे सांगू? ती आजी उद्या बाळाला घरी घेऊन जाणार आहे." आम्ही दोघांनी मिळून चार-पाच साधी वाक्ये तयार केली. 'सुसर'साठी शब्द तिने सांगितला, 'दासी'साठी मी. दुसऱ्या दिवशी दुपारी तिचा संदेश आला. आजीने सगळे ऐकून घेतले, बेडकांच्या जागी खूप हसली आणि तिने ते नाव मोठ्या अक्षरांत कागदावर लिहून मागितले. शिवाय भाचीने मराठी थेरीगाथा पाठवायला सांगितली आहे. पुस्तक मी घेतले, पार्सल केले. टपालखर्च पुस्तकाच्या किमतीहून जास्त झाला.