काशगरला संपलेली वाट

आमच्या घरी आजोबांच्या शाळेतलं भूगोलाचं एक जीर्ण पुस्तक होतं. त्यात जगातल्या सर्वांत उंच शिखराचं नाव 'गौरीशंकर' असं छापलेलं. आम्ही शाळेत एव्हरेस्ट शिकलेलो, त्यामुळे मे महिन्याच्या सुटीत आजोबांशी एकदा तरी वाद व्हायचाच. "इंग्रजांनी नाव बदललं, डोंगर तोच," असं म्हणून ते वाद मिटवायचे. आजोबांचं चुकत होतं, पण चूक त्यांची नव्हती. ती एका जर्मन माणसाची होती.

त्या माणसाचं नाव हेर्मान श्लागिंटवाइट. १८५७ च्या सुरुवातीला तो नेपाळात काठमांडूजवळच्या एका उंचवट्यावरून हिमशिखरांची रांग पाहत होता. कलकत्त्याच्या सर्वेक्षण कचेरीनं नुकतंच ज्याला एव्हरेस्ट हे नाव दिलं होतं, त्या शिखराला इथले लोक काय म्हणतात हे त्याला हवं होतं. बोट दाखवून विचारलं, 'गौरीशंकर' असं उत्तर मिळालं, आणि ते त्यानं एव्हरेस्टच्या नावावर टाकलं. प्रत्यक्षात ते शिखर वेगळंच. एव्हरेस्टपासून पश्चिमेला सुमारे ६० किलोमीटरवर. कॅप्टन वुड यांनी १९०३ मध्ये नेपाळात जाऊन मोजमाप केलं तेव्हा हा घोळ अधिकृतपणे मिटला. पुस्तकांतून मात्र तो पुढं बरीच वर्षं चालत राहिला.

आपल्या सीमाभागात या प्रकाराचं कुणाला नवल वाटायचं नाही. नवखा पाहुणा डोंगराकडे बोट दाखवून नाव विचारतो, समोरचा 'गुड्ड' म्हणतो आणि पाहुणा वहीत 'गुड्ड पर्वत' लिहून घेतो. घरात मराठी आणि बाजारात कन्नड बोलत वाढलेल्या माणसाला मधल्या माणसाची किंमत कळते. मराठीत आपण त्याला दुभाषी म्हणतो, कन्नडमध्येही तोच शब्द चालतो. श्लागिंटवाइट बंधूंची हकीकत वाचताना मला सारखी या मधल्या माणसांची आठवण येत राहिली.

म्युनिकमधल्या नामांकित नेत्रवैद्याची ही मुलं. पाच भाऊ. त्यांतले तिघे हिंदुस्थानात आले : थोरला हेर्मान, दुसरा आडोल्फ आणि चौथा रॉबर्ट. धाकटा एमिल घरीच राहिला आणि तिबेटी ग्रंथांचा अभ्यास करून त्यानं १८६३ मध्ये तिबेटातल्या बौद्ध धर्मावर पुस्तक लिहिलं. हिंदुस्थानात कधीही न येता! आपली गोष्ट मुख्यतः आडोल्फची. जन्म ९ जानेवारी १८२९. विषय भूगर्भशास्त्र. विशीतच त्यानं हेर्मानबरोबर आल्प्स पर्वत पालथा घातला, हिमनद्यांचा अभ्यास केला, आणि १८५० मध्ये दोघांचा आल्प्सवरचा ग्रंथ बाहेर आला.

त्या ग्रंथामुळे त्यांच्यावर अलेक्झांडर फॉन हुंबोल्ट या थोर शास्त्रज्ञाची मर्जी बसली. हुंबोल्टना स्वतः हिमालय पाहायचा होता. ईस्ट इंडिया कंपनीनं त्यांना कधीच परवानगी दिली नाही. आता वय ऐंशीच्या घरात गेलेलं. मग आपण नाही तर ही पोरं जाऊ देत, म्हणून त्यांनी शब्द टाकला. प्रशियाचा राजा आणि ईस्ट इंडिया कंपनी यांनी मिळून खर्च उचलला. कंपनीचं मुख्य काम होतं पृथ्वीच्या चुंबकत्वाची मोजणी पुरी करणं, कारण ते करणारा इंग्रज अधिकारी मरण पावला होता. परक्या जर्मनांना आपला पैसा कशाला, अशी कुरकुर इंग्रज शास्त्रज्ञांत झाली आणि ती पुढं कधी थांबली नाही.

ऑक्टोबर १८५४ मध्ये तिघे मुंबईत उतरले. तिथून दख्खन ओलांडून ते मद्रासला गेले. आपल्याकडे गोकाकच्या बाजूला जाताना काळा फत्तर संपून तांबूस वालुकाश्म लागतो, ते आपण बसच्या खिडकीतून पाहतो आणि विसरतो. आडोल्फसारख्याचं सगळं शिक्षणच असे बदल टिपण्याचं. पुढं तिघांनी वाटा वाटून घेतल्या. हेर्मान सिक्कीम-आसामकडे गेला, आडोल्फ आणि रॉबर्ट कुमाऊंकडे.

कुमाऊंत, जोहार खोऱ्यातल्या मिलम गावी, त्यांना खरी माणसं भेटली. हे भोटिया व्यापाऱ्यांचं गाव. उन्हाळ्यात खिंडी ओलांडून तिबेटात व्यापार करायचा, तिबेटी बोलायची, हिंदी बोलायची, दोन्हीकडचे रीतिरिवाज सांभाळायचे असा इथला संसार. इथला मणि सिंह रावत आणि त्याचा तरुण चुलतभाऊ नैन सिंह या साहेबांच्या सोबतीला लागले. तिबेट परक्यांना बंद. वेषांतर करून सीमा ओलांडली तरी पुढं पहारेकऱ्यांशी बोलणार कोण, त्यांना काय द्यायचं, कुठं नमतं घ्यायचं? ते सगळं मणि सिंहानं निभावलं.

त्याच मोहिमेत, ऑगस्ट १८५५ मध्ये, आडोल्फ आणि रॉबर्ट कामेट पर्वताच्या अंगानं सुमारे २२,२०० फुटांपर्यंत चढले. प्राणवायूची नळकांडी नाहीत, चढाईचे खास बूट नाहीत. तेवढ्या उंचीवर माणूस पोहोचल्याची दुसरी नोंद तोपर्यंत नव्हती. बरोबर स्थानिक हमाल होतेच. कामेटचा माथा माणसानं गाठला तो १९३१ मध्ये.

आता आडोल्फच्या खास विषयाबद्दल. सीमेपलीकडच्या त्या उघड्याबोडक्या डोंगरांतून भावांनी दगड आणि जीवाश्म गोळा केले. त्यांत गोगलगाईच्या शंखासारखी वेटोळी असलेले अमोनाइट होते. आपल्या देवघरातला चक्रांकित शाळिग्राम म्हणजे बहुधा हेच. गंडकी नदी ते हिमालयातल्या तशाच काळ्या शेल खडकातून वाहून आणते. अमोनाइट हा समुद्रातला प्राणी, कोट्यवधी वर्षांपूर्वी नष्ट झालेला. तो चौदा-पंधरा हजार फुटांवर सापडतो, म्हणजे हा डोंगर एके काळी समुद्रतळ होता. हे बंधूंच्या आधीही काही इंग्रजांच्या ध्यानात आलं होतं. पण बंधूंचा साठा म्युनिकला पोहोचल्यावर आल्बर्ट ओपेल या जाणकारानं १८६३ ते १८६५ या काळात त्याचं तपशीलवार वर्णन केलं आणि ते युरोपातल्या ज्युरासिक काळाच्या खडकांशी ताडून पाहिलं. हिमालयाच्या वयाचा हिशेब मांडताना पुढच्या अभ्यासकांना त्याचा उपयोग झाला.

बंधूंनी चित्रंही शेकड्यांनी काढली, आणि ती खरोखर देखणी आहेत. त्यांच्या आणखी एका उद्योगाबद्दल मात्र मन आजही साशंक होतं. ते जिवंत माणसांच्या चेहऱ्यावर ओलं प्लास्टर लावून साचे घ्यायचे. नाकपुड्या तेवढ्या मोकळ्या, डोळे मिटलेले, प्लास्टर सुकेपर्यंत हूं की चूं नाही. असे अडीचशेहून अधिक चेहरे युरोपात गेले, धातूत ओतले गेले आणि 'वंशांचे नमुने' म्हणून संग्रहालयांना विकले गेले. आपल्या घरातल्या कुणाला असं झोपवून प्लास्टर थापलं असतं तर, हा विचार मनात आल्याशिवाय राहत नाही. ज्यांच्या बोलण्यावर सगळी मोहीम चालली, त्यांचे मिटलेल्या ओठांचे चेहरे तेवढे काचेच्या कपाटात गेले.

१८५६ मध्ये हेर्मान आणि रॉबर्ट काराकोरम आणि कुनलुन ओलांडून गेले. वाट दाखवणारा होता यारकंदचा मोहम्मद अमीन. १८५७ मध्ये ते दोघे मायदेशी परतले. आडोल्फ मागं राहिला. त्याला समुद्रमार्गानं परत जायचं नव्हतं. मध्य आशियातून, रशियाच्या वाटेनं, डोंगर बघत बघत घरी जायचं होतं. मोहम्मद अमीनलाच बरोबर घेऊन तो कुलूहून लडाखला आणि तिथून काराकोरमपलीकडे गेला. उत्तर हिंदुस्थानात तेव्हा उठावाचा वणवा पेटलेला. पण वैर वाढून ठेवलं होतं ते पुढं. काशगरमध्ये वली खान नावाच्या सरदारानं चिनी सत्तेविरुद्ध बंड करून शहर घेतलं होतं. संशय आला की मुंडकं उडवायचं आणि त्या कवट्यांचा मनोरा रचायचा, अशी त्याची ख्याती.

२६ ऑगस्ट १८५७ रोजी आडोल्फ काशगरला पोहोचला. त्याला वली खानापुढं नेण्यात आलं आणि कसलीही चौकशी न होता त्याचा शिरच्छेद झाला. वय २८. त्याच्याजवळ कोकंदच्या खानासाठी पत्रं होती आणि ती त्यानं वली खानाच्या हाती द्यायला नकार दिला, असं नंतर सांगितलं गेलं. वली खानाची सत्ताही पुढं फार टिकली नाही.

घरच्यांना हे लगेच कळलं नाही. हिंदुस्थानातल्या ठाण्यांवर आधी नुसत्या अफवा आल्या. मग तांड्यातली माणसं सुटून परतली, त्यांच्या जबान्या झाल्या. रशियाच्या सैन्यातला कझाख अधिकारी चोकान वलिखानोव्ह १८५८-५९ मध्ये व्यापाऱ्याच्या वेषात काशगरला राहिला आणि त्यानं स्थानिक लोकांच्या तोंडून हकीकत मिळवली. म्हणजे आडोल्फच्या मरणाची बातमीसुद्धा चार भाषा ओलांडून म्युनिकला पोहोचली. १८८८ मध्ये रशियन भूगोल संस्थेनं काशगरला त्याचं स्मारक उभारलं.

भावांनी इंग्रजीत नऊ खंड काढायचं ठरवलं होतं. १८६१ ते १८६६ मध्ये चार निघाले आणि काम थांबलं. हेर्मान १८८२ मध्ये गेला, रॉबर्ट १८८५ मध्ये. त्यानंतर शतकभर या बंधूंचं नाव फारसं कुणी घेत नव्हतं. अलीकडे जर्मनीत पुन्हा लेखन सुरू झालं आहे. क्रिस्टोफर क्लोएब्ले यांची २०२० ची कादंबरी याच मोहिमेवर आहे, आणि तिचा निवेदक आहे मुंबईचा एक अनाथ मुलगा, या तिघांचा दुभाषी. तो मुलगा काल्पनिक आहे.

नैन सिंह मात्र खरा. साहेबांनी त्याला युरोपात चल म्हटलं होतं. तो गेला नाही. गावी परतून शाळामास्तर झाला. १८६३ मध्ये सर्वेक्षण खात्यानं त्याला आणि मणि सिंहाला डेहराडूनला बोलावून शिकवलं. मग यात्रेकरूच्या वेषात, १०८ ऐवजी १०० मण्यांची माळ हातात घेऊन, शंभर पावलांना एक मणी ओढत तो १८६६ च्या जानेवारीत ल्हासाला पोहोचला. १८७७ मध्ये लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीनं त्याला सुवर्णपदक दिलं आणि २००४ मध्ये आपल्या टपाल खात्यानं त्याच्यावर तिकीट काढलं.

आजोबांचं ते पुस्तक माझ्याकडेच आहे. गेल्या दिवाळीत माळा साफ करताना हाती आलं, तेव्हा 'गौरीशंकर'च्या शेजारी पेन्सिलीनं बारीक अक्षरात '७,१३४ मीटर' असं लिहून ठेवलं. आजोबांचं शिखर खोडलं नाही.