जुना मदरबोर्ड मोडीत काढण्यापूर्वी

विहिरीवरची मोटर जळाली म्हणून आपल्या अहिल्यानगर जिल्ह्यातला शेतकरी ती भंगारात घालत नाही. तालुक्याच्या गावी नेऊन रिवाइंड करून आणतो. जळालेली असते ती तारेची गुंडाळी. बाकीचे यंत्र धडधाकट असते, हे तो जाणतो. कचेरीतून बाद झालेल्या संगणकाबाबत मात्र हे शहाणपण आपल्याला सुचत नाही.

14 ऑक्टोबर 2025 रोजी मायक्रोसॉफ्टने विंडोज 10 चा नेहमीचा आधार थांबविला. विंडोज 11 ला साधारणतः इंटेलचा आठव्या पिढीचा किंवा त्यापुढचा प्रोसेसर लागतो. त्यामुळे कालपर्यंत बिनतक्रार चालणारी कित्येक यंत्रे अडगळीच्या खोलीत गेली. वास्तविक त्यांच्या पोटातला मदरबोर्ड शाबूत असतो. प्रोसेसर, रॅम, डिस्क या साऱ्यांना एकमेकांशी बोलते करणारा हा फलक म्हणजे यंत्राचा कणाच होय.

मग तो काढून दुसऱ्या कॅबिनेटमध्ये बसवावा काय? हौशी माणसाची पहिली चूक येथेच होते. बाजारातील सर्वसाधारण पॉवर सप्लायच्या मुख्य जोडाला 24 पिना असतात. कचेऱ्यांसाठी बनविलेल्या काही डेल यंत्रांत मात्र 8, काही लेनोव्होत 14, तर काही एचपी यंत्रांत 6 पिनांचा जोड आढळतो. चालू-बंदचे बटण, पंखा, स्क्रूची भोके यांचीही तऱ्हा पुष्कळदा निराळी. जोड बदलणाऱ्या तारा मिळतात. पण नेमक्या त्या मॉडेलसाठी नसलेली तार लावल्यास फलक कायमचा जळू शकतो. म्हणून शहाणपणाचा मार्ग एकच : फलक आहे त्याच पेटीत, त्याच्याच पॉवर सप्लायसह राहू द्यावा आणि भोवतालचे बदलावे.

प्रथम वीज तोडून धूळ काढावी. फलकावरील कपॅसिटरांची डोकी फुगली असतील, तर दुरुस्तीचा खर्च आधी विचारून घ्यावा. यंत्र दर वेळी जुनीच तारीख दाखवीत असेल, तर घाबरू नये; सीआर2032 हा तीन व्होल्टचा नाण्याएवढा सेल बदलला की काम भागते. तारीख चुकली की इंटरनेटवरची सुरक्षित संकेतस्थळेही उघडत नाहीत आणि दोष मात्र बिचाऱ्या फलकाला मिळतो! प्रोसेसरवरची उष्णता वाहून नेणारी पेस्ट वाळली असल्यास नवी लावावी. रॅम घेताना डीडीआर3 की डीडीआर4 हे पाहावे. दोहोंच्या खाचा वेगळ्या असल्याने एक दुसऱ्याच्या जागी बसत नाही. सर्वांत मोठा फरक पडतो तो फिरत्या हार्ड डिस्कच्या जागी एसएसडी घातल्याने. जुनी डिस्क तशीच कोणाला देऊ नये, कारण तिच्यात कचेरीची, म्हणजेच माणसांची खासगी माहिती असते. शेवटी लिनक्सची एखादी हलकी आवृत्ती बसवावी. ती मोफत मिळते व तिच्यात मराठी लिहिता येते.

असे यंत्र चित्रपट-संपादनाला अपुरे पडेल. परंतु आपण कला शाखेचे विद्यार्थी. टंकलेखन, वाचन, शब्दकोश पाहणे यांस ते पुरून उरते. मोबाइलच्या चिमुकल्या पडद्यावर प्रकल्पाची पंचवीस पाने टंकणारा मित्र आपल्यापैकी प्रत्येकाने पाहिला आहे. त्याच्या गरजेत आणि अडगळीच्या खोलीत अंतर आहे ते केवळ एका सेलचे, एका डिस्कचे आणि थोड्या मेहनतीचे.

आणि फलक खरोखरच गेला असेल तर? तांबे मिळविण्यासाठी तो उघड्यावर जाळणे म्हणजे शिसे व विषारी धूर हवेत सोडणे होय. 1 एप्रिल 2023 पासून लागू झालेल्या ई-कचरा नियमांनुसार मोठ्या संस्थांनी असा कचरा नोंदणीकृत उत्पादक, नूतनीकरण करणारे किंवा पुनर्चक्रण करणारे यांच्याकडेच सोपवायचा असतो. पण ती शेवटची पायरी झाली. मोटर रिवाइंड होते की नाही, हे पाहिल्यावाचून शेतकरी नवी घेत नाही. आपणही आधी पेटी उघडून पाहावी.